चार ओळींची चौकट

आमच्या सायंदैनिकात एक नियम आहे, आणि त्या नियमाला शिव्या घातल्या नाहीत असा एकही बातमीदार आमच्याकडे झालेला नाही. ज्याच्याविरुद्ध बातमी आहे त्याच्यासमोर बसून ती अख्खी वाचून दाखवायची. फोनवर नाही, मेलवर नाही. समोर बसून, मोठ्याने, एक अक्षर न गाळता. त्यावर तो जे म्हणेल ते बातमीत घालायचं आणि मगच पान छपाईला सोडायचं. नियम आमच्या संपादकांचा. ते पूर्वी शाळेत मुख्याध्यापक होते, म्हणून ऑफिसात त्यांना सगळे हेडमास्तर म्हणतात, आणि हे त्यांना चांगलं ठाऊक आहे. "पाठीमागे बोललीस की ती चहाडी," ते म्हणतात. "तोंडावर वाचलीस की ती बातमी."

खरं सांगायचं तर मला हा नियम आवडायचा. राग माझ्या नाकाच्या शेंड्यावर असतो. ऑफिसात मला तोफ म्हणतात ते उगाच नाही. समोरचा माणूस ऐकता ऐकता पांढरा पडत जातो ते बघायला मला बरं वाटायचं. हे मी कौतुकाने सांगत नाहीये.

त्या बुधवारी सकाळी साडेदहाला मी बातमीचा कागद पर्समध्ये घालून डॉक्टरबाईंच्या घराची बेल वाजवली. पान एक वाजता सुटायचं होतं.

बातमी अशी होती. सरकारी प्रसूती रुग्णालयातल्या सगळ्यांत जुन्या सर्जन म्हणजे या डॉक्टरबाई. वय छप्पन्न. चौदा महिन्यांपूर्वी मेंदूविकाराच्या एका तज्ज्ञाने त्यांना लेखी दाखला दिला होता. त्यात आजाराचं नाव होतं, आणि शेवटच्या ओळीत स्पष्ट लिहिलं होतं: शस्त्रक्रिया करण्यास अपात्र. डॉक्टरबाईंनी तो दाखला स्वतः नेऊन अधीक्षकांच्या हातात दिला. अधीक्षकांनी तो कपाटात ठेवला आणि कपाटाला कुलूप लावलं, कारण दुसरा सर्जन मिळत नव्हता. बाई ऑपरेशनं करत राहिल्या. ऑपरेशन थिएटरच्या इन्चार्ज सिस्टरला हे बघवेना. तिने अधीक्षकांच्या कारकुनाला पटवून दाखल्याची झेरॉक्स काढवली आणि भाजीच्या पिशवीतून माझ्याकडे आणून दिली. वर कोथिंबीर होती.

चौदा महिन्यांत एका बाळाच्या गालाला सुरी लागली होती, चार टाके. एका बाईच्या मूत्राशयाला इजा झाली होती, ती पाच महिने कमरेला पिशवी बांधून वावरत होती. मी तिच्या घरी गेले तेव्हा ती मला म्हणाली, "डॉक्टरबाईंचा काही दोष नाही हो, माझंच शरीर नाटकी." शेजारी तिची सासू मान हलवत होती. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्या बिचारीला कोणी सांगितलंच नव्हतं. आणि दुसऱ्या दिवशी गुरुवार, म्हणजे ऑपरेशनांचा वार. रुग्णालयातल्या फळ्यावर आणखी दोन बायकांची नावं लिहिलेली मी डोळ्यांनी पाहिली होती.

तर अशी मी, रागाने तट्ट फुगलेली, त्यांच्या बैठकीच्या खोलीत बसले.

घर नेटकं होतं. खाली बैठक आणि स्वयंपाकघर, कोपऱ्यातून वर जाणारा लाकडी जिना. बाई उंच, केस कापलेले, चेहरा थकलेला पण ताठ. उजवा हात त्यांनी सोफ्याच्या उशीखाली खोचून ठेवला होता. मी कोण, कशाला आले, हे त्यांना आदल्या दिवशी फोनवर सांगितलं होतं.

"घरात कोणी आहे?" मी विचारलं. एवढं मी नेहमी विचारते.

"नाही. लेक कामावर गेलीय. लॅबमध्ये असते ती, रक्त तपासणीच्या. संध्याकाळी सातशिवाय येत नाही." मग त्या म्हणाल्या, "वाचा."

मी वाचायला लागले. माझा आवाज मुळातच मोठा. आमची आई म्हणते, तुला फोन कशाला हवाय, खिडकी उघड आणि बोल. मी मथळा वाचला, त्यांचं नाव वाचलं, तारखा वाचल्या. बाळाचा गाल वाचला. कमरेची पिशवी वाचली. मी अधूनमधून वर बघत होते, आता पडतील पांढऱ्या, मग पडतील. बाई पडल्या नाहीत. त्या मान खाली घालून ऐकत होत्या आणि एका ठिकाणी म्हणाल्या, "टाके चार नव्हते, पाच होते. मीच घातले." मी ते लिहून घेतलं. माझा राग तिथे थोडा अडखळला.

मग आजाराचं नाव आलं. तेही मी वाचलं. इथे मी ते लिहिणार नाही, आणि का नाही ते पुढे कळेल.

बातमी संपली. तिच्या खाली चौकट होती. वर्तमानपत्रांना चौकटींचं भारी वेड. कुठलाही अवघड शब्द आला की त्याखाली चार ओळींची चौकट: 'काय आहे हा आजार?' ती मी आदल्या दिवशी पाच मिनिटांत, माहिती शोधून, यंत्रासारखी लिहिली होती. मी वाचली. "मेंदूतील पेशी हळूहळू नष्ट होतात. हालचालींवरचा ताबा, पुढे स्मरणशक्तीही जाते. उपचार नाहीत. आजार आनुवंशिक असून, आईला किंवा वडिलांना असल्यास प्रत्येक अपत्याला तो होण्याची शक्यता पन्नास टक्के."

बाईंनी मान वर केली.

"ते शेवटचं पुन्हा वाचा," त्या म्हणाल्या.

मला वाटलं, चूक काढताहेत. मी पुन्हा वाचलं, अख्खी चौकट, आणि 'पन्नास टक्के' जरा जोरातच म्हणाले.

आणि तेव्हा त्या पांढऱ्या पडल्या. मी सतरा वर्षं या धंद्यात आहे, पण असा चेहरा मी पाहिला नव्हता. उशीखालचा हात बाहेर आला आणि मांडीवर आपोआप नाचायला लागला. त्यांनी दुसऱ्या हाताने तो दाबून धरला.

"हे छापणार तुम्ही? आज?"

"तीन वाजता स्टॉलवर येईल."

"माझ्या लेकीला माहीत नाही," त्या म्हणाल्या.

मला क्षणभर कळलंच नाही. मग कळलं. मी स्वतःच्या हाताने 'प्रत्येक अपत्याला' असं लिहिलं होतं, आणि या बाईंना अपत्य असेल हे माझ्या डोक्यातही आलं नव्हतं. लेक लॅबमध्ये असते असं त्यांनी आत्ता सांगितलं तेव्हाही नाही. मी ते ऐकलं आणि पुढे वाचत सुटले.

"चौकट काढते," मी म्हणाले. "लगेच काढते."

"चौकटीचं काय घेऊन बसलात? ती लॅबमध्ये काम करते. आजाराचं नाव वाचलं की तिला तुमची चौकट लागणारच नाही." त्या पुढे वाकल्या. "माझं सगळं छापा. माझं नाव छापा, फोटो छापा, बाळाचा गाल छापा. मी सुरी खाली ठेवायला हवी होती, नाही ठेवली. अधीक्षकसाहेब म्हणायचे, अजून एक महिना, आणि मला ते ऐकायला बरं वाटायचं. ते माझं आहे, ते छापा. पण हा एक शब्द माझा एकटीचा नाहीये हो."

"तुम्ही तिला सांगितलं का नाही?"

"रोज ठरवते सांगायचं."

"रोज ठरवता आणि रोज सुरीही उचलता," मी म्हणाले. तोफच ती, उडाली. पण बाईंनी ते मुकाट्याने घेतलं.

"सत्तावीस वर्षांची आहे," त्या म्हणाल्या. "याची तपासणी असते. मी माझी करून घेतली. तिने करायची की नाही, हे तिचं तिने ठरवावं. काही जण नाहीच करत. त्यांना माहीत नसलेलंच बरं वाटतं, आणि तो त्यांचा हक्क आहे. पण एकदा हे नाव कानावर पडलं की तिला मागे फिरता येणार नाही. ते मला माझ्या तोंडाने, माझ्या घरात, तिचा हात धरून सांगायचंय. स्टॉलवर टांगलेल्या पेपरातून नाही."

मला राग आला होता आणि तो कोणावर आहे हे कळत नव्हतं. उद्याच्या यादीतल्या दोन बायका माझ्या डोळ्यांसमोरून हलत नव्हत्या. त्यांनाही लेकी असतील की.

"बातमी थांबणार नाही," मी शेवटी म्हणाले. "उद्या दोन ऑपरेशनं आहेत."

"मी करणार नाही ती."

"चौदा महिने तुम्ही हेच म्हणत असाल."

त्यांनी मान डोलावली. खोटं बोलल्या नाहीत, एवढं मान्य करायला हवं. मग त्या म्हणाल्या, "दारू लिहा."

"काय?"

"डॉक्टर दारू पितात असं लिहा. दारूने हात थरथरतात. लोक लगेच विश्वास ठेवतील. मी नाही म्हणणार नाही, लिहून देते हवं तर." मी बघतच राहिले, तशा त्या भराभर बोलायला लागल्या. "माझे वडील बावीस वर्षं झोकांड्या खात हिंडले. गल्लीतली पोरं मागे लागायची. माझी आई सगळ्यांना सांगायची, पितात हो, काय करणार. त्यांनी आयुष्यात थेंबाला तोंड लावलं नव्हतं. आईला वाटायचं, घरात दारुडा आहे म्हटलं तर मुलींची लग्नं अवघड होतील, पण घराण्यात हे आहे म्हटलं तर होणारच नाहीत. मला हे सगळं पुष्कळ उशिरा कळलं. लेक झाल्यावर. तेव्हा आईवर मी इतकी चिडले होते. आता दारू लिहा म्हणून मीच तुमच्या पाया पडतेय."

"आम्ही खोटं छापत नाही," मी म्हणाले. माझा आवाज मलाच परका वाटला.

"मग खरं तेवढं अर्धं छापा," त्या म्हणाल्या.

मी उठले. दारापर्यंत त्या माझ्याबरोबर आल्या. हात धरून ठेवता ठेवता त्यांची त्रेधा उडत होती. मी शब्द दिला नाही. "प्रयत्न करते," एवढंच म्हणाले, आणि ते मी इतक्या जणांना म्हणालेय की त्यात मलाच काही अर्थ वाटेनासा झालाय.

ऑफिसात पोचले तेव्हा सव्वाबारा वाजले होते. पहिलं पान लावायला घेतलं होतं. पान लावतो तो आमचा डिंक्या. कात्री आणि डिंकाच्या काळापासून आहे, म्हणून डिंक्या. त्याच्या स्क्रीनवर माझी बातमी सहा कॉलम पसरली होती आणि खाली दाखल्याचा फोटो, आजाराचं नाव वाचता येईल एवढा मोठा. त्याने त्याभोवती लाल गोल काढून ठेवला होता. हौशी माणूस.

"ते नाव काढायचं," मी म्हणाले.

"कोणी सांगितलं?" हेडमास्तर मागेच उभे होते.

मी त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. ते असं करायचे तेव्हा मुलं वर्गात गप्प व्हायची म्हणे.

"वाईट वाटतं मला," ते म्हणाले. "पण नाव गेलं की काय उरतं? अधीक्षक उद्या म्हणतील, साधा अशक्तपणा होता, आता बरा आहे. पुढच्या महिन्यात बाई पुन्हा टेबलाशी. नाव म्हणजे पुरावा आहे, तोफ. आणि मंत्र्याचा आजार असता तर तू माझ्याशी असं भांडली असतीस?"

"मंत्र्याच्या लेकीसाठी भांडले असते."

"नसतीस भांडलीस," ते म्हणाले, आणि ते बरोबर होतं. "नाव गाळलंस तर लोक काय समजतील, माहितेय? दारू समजतील."

"समजू देत. तसंच लिहा म्हणत होत्या त्या."

"म्हणजे आपण खोटं छापायचं नाही, पण खोट्याला बसायला पाट मांडून ठेवायचा. हे चालतं तुला?"

आमच्या वकीलबाई फोनच्या स्पीकरवर होत्या. त्या म्हणाल्या, खटल्याच्या दृष्टीने नाव असलेलं बरं. डिंक्या म्हणाला, पंचवीस मिनिटं आहेत. मी दाखल्याची झेरॉक्स हातात घेऊन उभी होते, आणि मी तो कागद पुन्हा वाचला. वरपासून खालपर्यंत. मग फक्त खालची ओळ.

"सर," मी म्हणाले, "ही एक ओळ बघा. 'शस्त्रक्रिया करण्यास अपात्र.' तारीख आहे, तज्ज्ञाची सही आहे, आणि अधीक्षकांचा 'मिळाले' म्हणून शिक्का आहे. तिन्ही या एकाच कोपऱ्यात आहेत. अपात्र कशामुळे, हे वाचकाला कशाला हवंय? पिशवी बांधून हिंडणाऱ्या त्या बाईला कशाला हवंय? तिला एवढंच हवंय की हे माहीत होतं आणि लपवलं. ते सगळं या ओळीत आहे. वरचं वाचायला मिळेल म्हणून आपल्या तोंडाला पाणी सुटलंय, बाकी काही नाही."

मी जरा जास्तच बोलले. अख्खा डेस्क माझ्याकडे बघत होता. हेडमास्तर कागदाकडे बघत राहिले. भिंतीवरच्या घड्याळात बारा बेचाळीस झाले होते.

"त्यांचं म्हणणं काय घेतलंस? नियमाप्रमाणे?"

"टाके पाच होते. आणि आजाराचं नाव छापू नका."

"मग दोन्ही छाप," ते म्हणाले. "'आजाराचे नाव प्रसिद्ध न करण्याची विनंती डॉक्टरांनी केली व ती आम्ही मान्य केली आहे.' आणि त्याच्या खाली, 'हा आजार व्यसनाशी संबंधित नाही.' हे वाक्य राहणार, मी खोट्याला पाट मांडून देणार नाही. चालेल?"

मी विचार केला. लेक हे वाक्य वाचेल. पण त्यातून तिला नाव कळणार नाही. "चालेल," मी म्हणाले.

डिंक्याने माऊसने फोटो कापायला घेतला. मी त्याचा हात धरला. पानावर फोटो कापला तरी फाइलच्या पोटात तो अख्खाच राहतो, आणि गेल्या वर्षी एका मुलीचा झाकलेला चेहरा आमच्या वेबसाइटवर असाच उघडा पडला होता. मी दाखल्याच्या वरच्या भागावर पुठ्ठा ठेवला, चिकटपट्टीने चारी बाजूंनी डकवला, आणि नव्याने फोटो काढायला लावला. जुना फोटो माझ्यादेखत पुसायला लावला. चौकटीच्या जागी रुग्णालयाचा हेल्पलाइन नंबर टाकला. बारा अठ्ठावन्नला पान सुटलं.

तीनला पेपर स्टॉलवर गेला. साडेतीनला अधीक्षक रजेवर गेल्याची बातमी आली. उद्याच्या दोन्ही बायकांना दुसऱ्या रुग्णालयात हलवल्याचं इन्चार्ज सिस्टरने कळवलं. मी डबा उघडला आणि सकाळपासून पहिल्यांदा जेवले, चवीने जेवले. स्वतःवर इतकी खूष मी क्वचितच झाले असेन. कॅन्टीनवाल्या मावशी म्हणाल्या, "आज तोफ थंड कशी?" आणि मला हसू आलं.

चारला खालून फोन आला, कोणी भेटायला आलंय.

रिसेप्शनच्या बाकावर एक मुलगी बसली होती. उंच, केस कापलेले. बसण्यात मला तिच्या आईसारखा ताठपणा दिसला आणि मी ओळखलं. मांडीवर आमचा पेपर होता, घडी घातलेला. मी तिला बाजूच्या छोट्या खोलीत नेलं आणि दार लावलं. मनात उजळणी चाललेली: नाव छापलेलं नाही, काही विचारलं तर आईला विचार म्हणायचं, ताकास तूर लागू द्यायची नाही.

"तुमचा आवाज ओळखला," ती म्हणाली. "आत्ता रिसेप्शनच्या फोनवर बोललात ना, तेव्हाच."

"माझा आवाज?"

"मी घरात होते."

मला बसायला खुर्ची सापडेना. ती तशीच, मागे रेलून, पाठ केल्यासारखं बोलत राहिली.

"आज मी रजा घेतली होती. काल जेवताना आईला सांगितलं होतं. ती विसरली. हल्ली विसरते, मला वाटायचं वय झालं. मी वर झोपले होते. खाली कोणीतरी आईवर ओरडतंय असं वाटलं म्हणून उठून जिन्यापर्यंत आले." ती थांबली. "ते शेवटचं तुम्ही दोनदा वाचलंत. पहिल्यांदा मला नीट ऐकू आलं नव्हतं."

आमचा नियम, समोर बसून, मोठ्याने, एक अक्षर न गाळता. मी पुठ्ठा लावून, चिकटपट्टी लावून, फाइल पुसून जे दिवसभर झाकत होते, ते मी सकाळीच तिच्या घरात उभ्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात वाचून आले होते.

"मला माफ कर," मी म्हणाले. मला खरंच रडू येत होतं.

"त्यासाठी नाही आले." तिने पेपर उघडला, बातमीवर बोट ठेवलं. "यात नाव नाही. कोणी काढायला लावलं, ते कळलं मला. पण मला एक सांगा. मला आज सकाळी कळलं. माझ्याआधी किती जणांना माहीत होतं?"

"तुझ्याबद्दल कोणालाच—"

"माझ्याबद्दलच आहे ते. निम्मं तरी. किती जणांना?"

टाळता आलं असतं. पण तिची नजर बघून मी मोजायला लागले, मोठ्याने, एकेक बोट मुडपत. अधीक्षक. त्यांचा कारकून. इन्चार्ज सिस्टर. झेरॉक्सवाल्याने वाचलं असेल तर तो. मी. हेडमास्तर. वकीलबाई. पान लावणारा डिंक्या, ज्याने लाल गोल काढला होता. तो तज्ज्ञ डॉक्टर आणि तिची आई सोडून आठ.

"आठ," ती म्हणाली. "आणि मी नववी." ती रडली नाही. रडली असती तर मला सोपं गेलं असतं. तिने पेपरची घडी पुन्हा नीट घातली, कडा जुळवल्या. मी तिच्या हातांकडे बघत होते हे तिला दिसलं, आणि तिने दोन्ही हात माझ्यासमोर सरळ पसरले. स्थिर होते.

"आता सगळे असंच बघणार," ती म्हणाली. "म्हणून तुमच्याकडे आले. आईला कळू द्यायचं नाही की मला कळलंय."

"पण तिला तुला स्वतः सांगायचंय. तिचा जीव त्यासाठीच—"

"माहितेय. मी ऐकलं ना सगळं. हात धरून सांगायचंय तिला. तर सांगू दे. महिन्याने सांगेल, वर्षाने सांगेल, तेव्हा मी पहिल्यांदा ऐकल्यासारखं ऐकेन. तुम्ही गेल्यावर ती स्वयंपाकघरात गेली, तेव्हा मी मागच्या दाराने बाहेर पडले. सातला कामावरून आल्यासारखी घरी जाईन. तिचं सगळं गेलंय आज. काम गेलं, नाव गेलं. एवढं एक तरी तिने वाचवलं असं तिला वाटू दे. तुम्ही तेवढं तोंड बंद ठेवाल?"

"ठेवेन," मी म्हणाले.

"पेपरवाल्यांना जमतं का ते?" तिने विचारलं. टोमणा नव्हता त्यात, तिला खरंच जाणून घ्यायचं होतं. मी मान हलवली. ती गेली. हेडमास्तरांनी नंतर विचारलं, कोण होती? मी म्हटलं, वाचक.

सव्वासातला माझा मोबाइल वाजला. मी घरी जायला निघाले होते, ऑफिसच्या पायऱ्यांवर होते. डॉक्टरबाई होत्या.

"वाचलं मी," त्या म्हणाल्या. आवाज हळू होता, पण सकाळपेक्षा कितीतरी हलका. "तुम्ही केलंत. मला वाटलं नव्हतं. ते व्यसनाचं वाक्य आधी मला नको वाटलं, मग बरं वाटलं. माझ्या वडिलांसाठी कोणी असं लिहिलं नव्हतं."

"ते आमच्या संपादकांचं."

"त्यांना सांगा." मग म्हणाल्या, "लेक आत्ताच आली कामावरून. पेपर तिने वाटेत वाचलाच होता. मला मिठी मारली आणि म्हणाली, आई, झालं ते झालं, आता विश्रांती घे. आजार कोणता म्हणून विचारलंसुद्धा नाही. मला जरा विचित्रच वाटलं. तुम्ही सकाळपासून या सगळ्यात आहात, तुम्हाला माणसं वाचता येतात. तिला काही कळलं असेल का हो?"

मी पायरीवर बसले. समोरच्या रस्त्यावरून माणसं घरी चालली होती, काहींच्या हातात आमचा पेपर होता. सतरा वर्षांत मी एकही खोटी ओळ लिहिलेली नाही, यावर माझं सगळं उभं होतं.

"नाही," मी म्हणाले. "काही कळलेलं नाही तिला."

"नक्की?"

"नक्की."

त्यांनी मोठा श्वास सोडला. पलीकडून ताटं मांडल्याचा आवाज आला, आणि त्यामागून लेकीचा, अगदी सहज: "आई, कोणाचा फोन गं?"

"कोणाचा नाही," बाई तिला म्हणाल्या. "हॉस्पिटलमधून होता." आणि त्यांनी फोन ठेवला.